देवीलालकाकांची सही

बाळांनो, जरा कल्पना करा. तुम्ही दहा वर्षांची दीपा आहात. घर दारव्ह्यातलं. भिंतीवर वडिलांचा नवा फोटो आहे आणि खाली सतरंजीवर तिघं बसलेत: तुमचा मोठा भाऊ संघदीप, पतसंस्थेचे वसुली अधिकारी आणि वडिलांचे जिवाभावाचे दोस्त देवीलालकाका. तुम्ही दाराशी उभ्या आहात. कान द्या.

दीपाचे वडील बाबाराव आर्णी रस्त्यावर जीप चालवायचे. बायकोच्या, कौसल्याच्या, ऑपरेशनसाठी त्यांनी पतसंस्थेचं कर्ज काढलं. तांड्यावरचे देवीलालकाका शाळेत शिपाई, पगार महिन्याच्या महिन्याला येणारा. म्हणून जामीनदार म्हणून सही त्यांनीच केली. कौसल्या वाचली. बाबाराव मात्र वर्षभरात गेले आणि हप्ते थांबले.

अधिकारी सांगत होते, "बाबारावांनी मागे जे ठेवलं, तेवढ्यापुरतेच वारस देणं लागतात. काहीच ठेवलं नसेल तर सगळं जामीनदाराकडून, पगारातून कापून."

"घर आईच्या नावानं हाय," संघदीप म्हणाला. "जीप त बाबा असतानाच भंगारात गेली."

"भंगारात?" काका दचकले. "बाबाराव मले बोल्ला नाही."

"तुमाले इचारून करत होते का सारं? अन् काका, बाबा गेल्यावर पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाच्या दिवशी मी चारशे माणसांपुढं माइकवर बोल्लो, बाबांकडं कोणाचं काही असन त सांगा. तुमी समोरच बसून होते. तवा काहून बोल्ले नाही?"

"अरे बाप्पा, नुकती बुद्धवंदना झालती. दोस्ताच्या फोटोपुढं पैशाची गोष्ट कशी काढू?"

"मंग आता कायले काढून राह्यले?"

काकांनी मान खाली घातली. दोस्ताचा मान राखायला ते त्या दिवशी गप्प बसले होते. आज तीच गोष्ट त्यांच्या तोंडावर फेकली जात होती.

"माइकवरच्या बोलण्याला कायद्यात किंमत नाही," अधिकारी कंटाळून म्हणाले. "मालमत्ता नाही, असं लिहितो. वारसांनी सही करा."

आतल्या दारात कौसल्या उभी होती. दीपाने तिच्याकडे पाहिलं, तेव्हा तिने तोंड फिरवलं.

संघदीपने पेनाचं टोपण काढलं.

"जीप हाय," दीपा म्हणाली. "आर्णीले. साधनाआत्याच्या घरामागं, ताडपत्रीखाली. मी रविवारी तिच्यात बसलती."

"चूप बस!" संघदीप हात उगारून उठला.

दीपा काकांच्या आड लपली नाही की रडलीही नाही. तिथेच उभी राहून तिने अधिकाऱ्यांना जीपचा नंबर सांगितला. एकेक आकडा, त्यांचं लिहून होईपर्यंत थांबत थांबत.