मोरपिसांचा टोप

"टोप कुठं आहे?" कालेजाच्या सरानं आल्या आल्या इचारलं. ना रामराम, ना बसा म्हणणं.

म्या म्हणलं, "साहेब, मोरपिसांचा टोप म्हंजी आमचा देव. दिवाळीत पूजा करून गुसाडी नाचणाराच्या डोक्यावर बांधतो. एरवी बाहीर काढत न्हाई."

"पिसं नाहीत, तर तुम्ही आदिवासी आहात हे लोकांना कळणार कसं?"

लातूर नवा जिल्हा झाल्याचा सोहळा, त्यात आमचा दंडारी नाच. माझा भाचा जंगू त्याच कालेजात शिकून राहिला. दोन सालं पोरानं आपुन गोंड हाय हे लपवलं. औंदा छाती करून सांगितलं, "सर, माझी माणसं ढोल घेऊन येतील." त्याच्या शब्दाखातर, वावरं करपून चालली तरी आमी इस्लापुरावरनं येष्टीनं आलो.

सरानं तव्याची काजळी आन लिंबाचा पाला मागवला. "तोंडाला फासा, कमरेला बांधा आणि हू हू करत नाचा."

जंगू तडकला. "सर, आमच्यात असं कोनी करत न्हाई!"

"मला शिकवतोस का रे जंगल्या? बस खाली."

मग आमाला बाजूला बसवून कालेजातल्याच किराणावाल्याच्या पोरानं, व्यंकटानं, काजळी फासली, पाला बांधला आन माकडावानी उड्या मारल्या. टाळ्या थांबंनात. शेजारचा माणूस मलाच म्हणतो, "बघा, हुबेहूब आदिवासी!" माझ्या मांडीवरचा ढोल दिसत नव्हता का त्याला? मुस्काडात द्यावी वाटली.

तहान लागली म्हणून मी आन जंगू मांडवामागं पिंपाकडं गेलो. पिंपावर गिलास व्हता, पर आमाला बघून शिपायानं तो मागं सारला. "टंचाई हाय. वंजळ करा, वरून वततो." घोटभर पाणी पडलं. तेवढ्यात व्यंकट आला. त्याला तोंड धुवाया भरली बादली! जंगू ते काळं पाणी वाहून जाताना बघत व्हता. लई वाईट वाटलं मला.

परतताना येष्टीत जंगूनं ढोल मांडीवर घेतला. इस्लापूर जवळ आल्यावर बोलला, "मामा, दिवाळीत टोप मला बांध."

"औंदा पाऊस न्हाई. नाचायचं न्हाई म्हणून गावानं ठरवलंय."

"ठरवू दे. मी एकटा नाचतो."

"आरं, टोप बांधला की दिवाळी सरंपर्यंत अंगाला पाणी लावाया बंदी. जमंल का तुला?"

"जमंल की," जंगू म्हणला, "लातूरनं सवय लावलीय."