त्याचा शर्ट

“त्याचा शर्ट,” ग्लिनिस कुजबुजली, आणि तिचं कुजबुजणं पार शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं.

रंगमंचावर संहिता हातात धरून उभी असलेली नटी इमोजेन थांबली. तिनं आधी कागदाकडे पाहिलं, मग दुसऱ्या रांगेतल्या ग्लिनिसकडे.

“मी विसरले नव्हते हो,” ती हसून म्हणाली. “इथे ‘शांतता’ असं लिहिलंय. तुम्हीच लिहिलंय.”

सगळं नाट्यगृह हसलं. ग्लिनिसचे कान तापले. एकतीस वर्षं ग्रिम्स्बी बंदरातल्या चर्चच्या हॉलमध्ये हौशी मंडळींना विंगेतून प्रॉम्प्टिंग केलेलं. कोणी जरा थांबलं की बिचारा विसरला असं समजून पुढचं वाक्य पुरवायचं, ही जिभेची खोडच झालेली. दुपारी शाळेच्या स्वयंपाकघरात दोनशे पोरांना मासे-बटाटे वाढायचे आणि संध्याकाळी तालमीला पळायचं. दुसऱ्यांची वाक्यं सांगता सांगता छप्पन्नाव्या वर्षी बाईनं स्वतःचं नाटक लिहिलं, आणि एका गोठवलेल्या माशांच्या कंपनीनं नव्या नाटककारांसाठी ठेवलेल्या शिष्यवृत्तीला पाठवून दिलं. चार नाटकं निवडली गेली, त्यांत हिचंही. आज हल शहराच्या नाट्यगृहात खरेखुरे नट ती वाचणार होते, आणि ज्याचं नाटक पसंत पडेल त्याला वर्षभर नोकरी सोडून नुसतं लिहायला मिळणार होतं.

“तू गप्प बस बरं,” शेजारी बसलेली तिची आई, व्हेरा, मांडीवरची पर्स सावरत म्हणाली. “त्या बाईला तिचं काम करू दे की.”

ग्लिनिसला खरी धास्ती होती ती या आईची. नाटक जुन्या काळातलं आहे, एवढंच तिला सांगितलं होतं. कोणाबद्दल आहे, ते सांगायचं धाडस झालं नव्हतं. नवऱ्याची मासेमारीची बोट सुटते त्या दिवशी घरात कपडे धुवायचे नाहीत, धुतले तर माणूसही वाहून जातो, हे गोदीजवळच्या गल्ल्यांत शेंबड्या पोरालाही ठाऊक असे. ग्लिनिस सहा वर्षांची असताना बाबांची बोट नॉर्वेच्या बाजूला गेली ती परत आलीच नाही. आणि बोट सुटली त्याच दिवशी दारात आलेल्या शेजारणीनं व्हेराचे साबणानं माखलेले हात पाहिले होते. व्हेरानं नवऱ्याचा शर्ट धुतला, ही गोष्ट गल्लीभर झाली. दोन वर्षं बायका तिच्याशी बोलल्या नाहीत. ती दुकानात शिरली की आतली कुजबुज बंद व्हायची. घरात मात्र पन्नास वर्षांत त्या शर्टाचं नाव कोणी काढलं नाही. आज ते शंभर लोकांसमोर निघालं होतं. आई उठून चालती झाली, तर ती शिष्यवृत्ती घेऊन करायचं काय?

“शेजारणीच्या प्रश्नापासून परत घेऊ या,” दिग्दर्शक म्हणाला.

ग्लिनिसनं तोंडावर हात दाबून धरला.

“काय धुतलंस गं?” शेजारीण झालेल्या नटीनं विचारलं.

इमोजेन बोलली नाही. ग्लिनिसला आजवर वाटायचं, शांतता म्हणजे दोन वाक्यांमधली रिकामी जागा. ही रिकामी नव्हती. इमोजेन नुसती दाराकडे पाहत उभी होती, आणि शंभर माणसं श्वास रोखून बसली होती. कोणी खोकलं नाही, खुर्ची वाजली नाही. ती बाई मनात काहीतरी ठरवत होती, आणि काय ठरवत होती ते लिहिणारीलाही माहीत नव्हतं. हे आपण लिहिलं? या हातानं, स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून? आपण लिहिलेल्यापुढेच आपण एवढेसे होऊन बसलो आहोत, असं ग्लिनिसला वाटलं.

“त्याचा शर्ट,” इमोजेन म्हणाली.

आई उठली नाही. शेवटपर्यंत बसून राहिली.

चहानंतर कंपनीच्या माणसानं ग्लिनिस ऑडलिंग हे नाव वाचलं. टाळ्या झाल्या, फोटो झाले. दिग्दर्शकानं तिच्या हातात संहिता आणि पेन्सिल दिली. “शुक्रवारी छापायला जाईल. काही बदलायचं असेल तर आत्ताच खूण करून द्या.”

लोक पांगले तरी व्हेरा आपल्या खुर्चीतच होती. ग्लिनिस तिच्याजवळ जाऊन बसली.

“आई, रागावलीस?”

“छे गं. छान लिहिलंयस.” व्हेरानं रिकाम्या रंगमंचाकडे बोट दाखवलं. “फक्त तो शर्ट नव्हता. तुझा पिवळा फ्रॉक होता. सकाळी त्यावर जॅम सांडलास, आणि दुपारी वाढदिवसाला जायला तोच पाहिजे म्हणून भोकाड पसरलंस. काय करणार? बुडवला पाण्यात.”

ग्लिनिसनं पानं उलटली, ते वाक्य शोधलं आणि पेन्सिल ‘शर्ट’ या शब्दावर टेकवली.

“खोडू नकोस,” व्हेरा म्हणाली. “बायकांनी विचारलं, तेव्हा मी शर्टच सांगितला होता.”

तिनं लेकीच्या हातातून पेन्सिल काढून घेतली, पर्समध्ये टाकली आणि कोटाची बटणं लावू लागली.