गाळलेलं वाक्य

दुभाषी बाईंनी खुर्ची उचलली आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्यासमोर, खिडकीकडे तोंड करून मांडली. तिथं वकिलांची वाट अडते, असं पट्टेवाला म्हणाला. अडू दे, असं बाई म्हणाल्या. खिडकी पाठीशी आली की चेहरा काळा दिसतो, हात काळे दिसतात, आणि समोरच्या बहिऱ्या माणसाच्या पदरात काहीच पडत नाही. हे त्या या इमारतीत अकरा वर्षं सांगत होत्या, आणि दर वेळी नव्यानं सांगावं लागत होतं.

पिंजऱ्यात मास्टर उभे होते. साठी ओलांडलेले, जन्मापासून बहिरे, पुलापलीकडच्या वस्तीत चाळीस वर्षं शिवणयंत्रावर वाकलेले. दोन वर्षांपूर्वी एका दुपारी पुलाच्या अलीकडच्या मैदानात एका पुढाऱ्याचं भाषण झालं आणि दिवस मावळायच्या आत मास्टरांचं दुकान शेजारच्या सहा घरांसकट जळून गेलं. भाषणाचा त्या आगीशी संबंध होता की नव्हता, एवढाच खटल्याचा मुद्दा. पुढारी समोरच्या बाकावर पाय लांब करून बसला होता, लग्नाला आल्यासारखा.

सकाळी कोर्टाबाहेर भेट झाली तेव्हा मास्टरांनी नमस्काराच्या आधी बाईंच्या खांद्याकडे बोट केलं होतं. बाही चुकीची बसवलीय, कोणी शिवलं हे? बाईंना हसू आलं. मग मास्टरांनी हातांनी विचारलं, "त्या दिवशी तो काय बोलला?"

"घरी कोणी सांगितलं नाही?"

मास्टरांनी बाकावर बसलेल्या सुनेकडे मान वळवली. "ही म्हणते, वाईट बोलला. पुढं विचारलं की स्वयंपाकघरात जाते."

सुनेनं पिशवीत काहीतरी शोधायला घेतलं. तिच्यावर रागवायची बाईंची हिंमत झाली नाही. भाषणाची लेखी प्रत त्यांनी आदल्या दिवशी वाचली होती, आणि वाचून झाल्यावर ती पालथी घालून तिच्यावर जेवणाचा डबा ठेवला होता. कागद घरात कोणाच्या हाती पडू नये, एवढंच त्या वेळी सुचलं होतं.

"आत सगळं कळेल," त्यांनी खुणेनं सांगितलं.

साक्ष सुरू झाली. काय काम करता, असा पहिला प्रश्न होता.

"मी शिंपी आहे," बाई मोठ्यानं म्हणाल्या.

टंकलेखकाची बोटं थांबली. "बाई, तुम्ही की ते?"

"ते. पण ते बोलतील ते मी 'मी' म्हणूनच बोलणार. दुभाष्याचा नियम आहे. पदरचं घालायचं नाही, त्यांचं गाळायचं नाही."

"मग मी काय लिहू?"

"मी बोलेन ते."

दोन-चार जण हसले. हसणाऱ्यांत पुढारीही होता.

मग बचावाच्या वकिलांनी भिंतीवरच्या पडद्यावर भाषणाचं चित्रण, आवाज बंद ठेवून, लावायला सांगितलं. उंच मंच, त्यावर राखाडी कोटातला पुढारी, हात उगारून बोलतोय. कॅमेरा गर्दीवर फिरला आणि पहिल्या रांगेत मास्टर दिसले. हसत होते, अगदी डोळे मिटून. थोड्या वेळानं पुन्हा. तिसऱ्यांदा तर ते उठून उभे राहिले, मागं वळले आणि छातीवर हात ठेवून लोकांना वाकले. खाली बसले, आणि आणखी एकदा हसले. वकिलांनी चित्र थांबवलं.

"साहेब, हे फिर्यादी. चार वेळा हसलेत. एकदा तर उठून दाद दिलीय. विनोद होता, साहेब. कडवट असेल, पण विनोदच. ज्याला लागायचं तोच हसत असेल, तर कायद्यानं रागवायचं कोणाच्या वतीनं? उद्या माणसानं तोंड उघडायच्या आधी परवाना काढायचा का?"

दुसऱ्या कुठल्या दिवशी हे शेवटचं वाक्य बाईंना पटलं असतं. माणसानं बोलावं आणि ते दुसऱ्यापर्यंत जसंच्या तसं पोचावं, यावर तर त्यांनी उमेदीची वर्षं घालवली होती. आज मात्र ते वाक्य त्या तोंडून ऐकताना त्यांच्या मस्तकाची शीर उडायला लागली. त्यांनी ते सगळं, परवान्यासकट, मास्टरांना हातांनी सांगितलं. नियम म्हणजे नियम.

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "पण तुम्ही तिथं गेला होता कशाला?"

मास्टरांचे हात लगेच हलले, आणि बाई बोलू लागल्या.

"कोट बघायला. तो कोट मी शिवलाय. हात वर केला की खांदा उचलला जातो का, हे दुकानात कळत नाही. माणूस बोलायला लागला की कळतं. म्हणून पुढं बसलो. लोक हसले की मी हसतो, लहानपणापासून. नाही हसलो तर विचारतात, काय झालं? ते सांगत बसण्यापेक्षा हसणं सोपं."

"भाषणात काय होतं, ते तुम्हाला माहीत आहे?"

"नाही. मला कोणी सांगितलं नाही."

सरकारी वकिलांनी आपल्या कागदांत डोकं घातलं. दोन वर्षं या माणसाच्या सह्या घेतल्या, जबाब घेतले, आणि हे विचारायचं एकालाही सुचलं नव्हतं. बाईंना वाटलं, त्या कागदांचा गठ्ठा उचलून त्यांच्याच टेबलावर आपटावा.

"आधी त्यांना भाषण सांगा," न्यायाधीश म्हणाले. "वाक्य न् वाक्य. उलटतपासणी मग."

खुणांच्या भाषेत चेहरा कोरा ठेवून बोलता येत नाही. तिरस्कार सांगायचा तर तो भुवयांत आणावा लागतो, ओठांच्या कोपऱ्यात आणावा लागतो, नाहीतर वाक्य अर्धंच राहतं. बाईंनी पुढाऱ्याचा तोरा स्वतःच्या चेहऱ्यावर चढवला. मास्टरांच्या डोळ्यांत बघून त्यांनी सांगितलं की पुलापलीकडच्यांना दोनच गोष्टी वाढवता येतात, कचरा आणि पोरं. इथं लोक हसले. त्यांनी सांगितलं की उंदराला विनंती करून बीळ सोडायला लावता येत नाही. इथंही हसले.

पुढचं वाक्य त्यांनी गाळलं.

हात घसरला, चुकून राहिलं, असं म्हणायची सोय नव्हती. त्यांनी ठरवून गाळलं. सकाळी आपल्या बाहीची काळजी करणारा हा म्हातारा, त्याच्या तोंडावर हे आपण फेकायचं? आपल्या हातांनी? नाही फेकणार. बसा बोंबलत. त्या थेट शेवटच्या वाक्यावर गेल्या: उंदीर धुरानं बाहेर येतात, आणि मी आग लावा म्हणत नाही हं, मी फक्त धूर म्हणतोय. इथं लोक हसले. संपलं.

कोणाच्याही लक्षात आलं नाही. त्या खोलीत खुणांची भाषा पुरती वाचणारी दोनच माणसं होती; सुनेला घरातल्या चार खुणाच येत होत्या.

मास्टर हलले नाहीत. बाईंचे हात थांबले तरी ते त्या हातांकडेच बघत राहिले. मग त्यांनी तीन बोटं दाखवली. मग चार. मग पडद्याकडे बोट केलं, आणि ते बोट स्वतःच्या छातीवर टेकवलं.

"काय म्हणताहेत?" न्यायाधीशांनी विचारलं.

काही नाही, असं म्हणणं दोन शब्दांचं काम होतं.

"मी चार वेळा हसलो. मला तीनच सांगितले. मी उठून उभा राहिलो, ते वाक्य कुठंय?" एवढं बोलून त्या स्वतः उभ्या राहिल्या. "आणि साहेब, हे पुढचं माझं, त्यांचं नाही. ते वाक्य मी गाळलंय. जाणूनबुजून."

बचावाचे वकील ताडकन उठले. "वा! म्हणजे आता दुभाषी ठरवणार, कोणी काय ऐकायचं ते! अहो, याच कात्रीबद्दल तर मी मघापासून बोलतोय!"

त्यांचं म्हणणं बरोबर होतं. हा माणूस, या खटल्यात, बरोबर होता, आणि बाईंना संतापानं धड श्वास घेता येईना.

"सांगा त्यांना," न्यायाधीश म्हणाले. "काही न गाळता."

बाई खुर्चीत बसल्या. उजेड तोंडावर घेतला आणि हात उचलले. "आणि हा बघा, त्यांच्यातलाच एक इथं पुढं बसलाय. बहिरा आहे बिचारा. याच्यासमोर याचंच बीळ जाळायचं ठरवा, हा उठून टाळ्या वाजवील." बोट मास्टरांवर रोखल्याशिवाय ही खूण पुरी होत नव्हती. बाईंनी बोट रोखलं.

मास्टरांचा हात गळ्याकडे गेला. चाळीस वर्षं टेप जिथं लोंबायची तिथं तो थोडा वेळ चाचपडला आणि खाली आला. मागं सून रडत होती. ते त्यांना ऐकू येणार नव्हतं.

"आता सांगा," वकिलांचा आवाज जरा उतरला होता, पण प्रश्न तोच राहिला. "तुम्ही का उठलात? लोकांना वाकून दाद का दिलीत?"

मास्टरांचे हात सावकाश हलले. बाई प्रत्येक खूण संपेपर्यंत थांबल्या.

"सगळे माझ्याकडे बघून हसत होते. तोही माझ्याकडेच बोट करत होता. मला वाटलं, तो सांगतोय, हा कोट यानं शिवलाय."

पुढाऱ्यानं पाय आत ओढून घेतले. टंकलेखकानं मान वर केली आणि हळूच विचारलं, "बाई, 'मला वाटलं' असंच लिहू?"

"असंच लिहा."

मास्टर पडद्याकडे वळले होते. तिथं राखाडी बाहीतला हात अजून उगारलेलाच होता, थांबवलेला. ते तिकडं बघतच खुणा करू लागले. हे कोणी विचारलं नव्हतं. तरी बाई बोलल्या, कारण आता गाळायचं काहीच नव्हतं.

"खांदा जराही उचलला गेला नाही. काखेत मी दोन बोटं कापड जास्त सोडलं होतं. त्याचा हात मोकळा वर जावा म्हणून."