मावशींची साक्ष

“खेळाडूवर हुकूम सोडायचा नाही, त्याला विचारायचं,” प्रशिक्षक माइकवर सांगत होते. “नेतृत्वाचा हा चौथा धडा.”

समोर कंपनीचे दोनशे मॅनेजर लिहून घेत होते. पहिल्या रांगेच्या टोकाला मावशी बसल्या होत्या. बावीस वर्षं त्यांनी राष्ट्रीय हॉकी संघातल्या मुलींचे पाय चोळले होते. आज ‘संघाचं कुटुंब’ म्हणून प्रशिक्षकांनी त्यांना मिरवायला आणलं होतं.

“अंतिम सामना. गोलकीपरचा गुडघा सुजलेला. मी विचारलं, बाळा, खेळशील? ती म्हणाली, सर, पाय तुटला तरी बेहत्तर! विचारा मावशींना, तिथंच होत्या.”

माइक मावशींपुढे आला. अकरा वर्षं ही गोष्ट ऐकून त्या मान डोलावत आल्या होत्या. पण ‘बाळा’ आज नवीन होतं. त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

“खोटं आहे. ती म्हणाली, सर, पाय टेकवत नाही. तुम्ही म्हणालात, मग बॅग भर आणि चालती हो. एकोणीस वर्षांची पोर! रडत उभी राहिली. आणि पट्टी कुणी बांधली? मी. याच हातांनी. तोंडातून ब्र काढला नाही.”

प्रशिक्षक हसले. “पाहिलंत? आमच्याकडे मालिशवालीसुद्धा तोंडावर बोलते. इतका मोकळेपणा हवा. लिहा, धडा पाचवा!”

टाळ्यांचा कडकडाट झाला.

“टाळ्या कसल्या पिटताय?” मावशी ओरडल्या. पण माइक केव्हाच पुढे गेला होता.

बाहेर प्रशिक्षकांनी त्यांना गाठलं. “उद्यापासून शिबिरात पाऊल टाकायचं नाही.”

“टाकायचंय कुणाला?”

निवृत्तीला सहा महिने उरले होते. मावशी बसमध्ये बसल्या. घरी न जाता त्या थेट त्या गोलकीपर मुलीच्या इमारतीपाशी उतरल्या. ती आता फोनवर लोकांच्या तक्रारी ऐकायची नोकरी करत होती. खालून हाक ऐकताच ती तिसऱ्या मजल्यावरून डोकावली.

“थांब गं, मीच येते वर.”

“नको मावशी, उतरते मी.”

कठडा धरून ती उतरू लागली. एक पायरी, मग दोन्ही पाय त्याच पायरीवर, मग पुढची. मावशी हात द्यायला धावल्या नाहीत. ती शेवटच्या पायरीवर येईपर्यंत त्या तशाच उभ्या राहिल्या.