कासवाचा संसार

जादूच्या जंगलातलं म्हातारं कासव आणि त्याची घुबडीण बायको, यांचा संसार गेले पाच चित्रपट सुखाने चालला होता. भांडण म्हणून नाही. मुळात भेटच नाही, तर भांडणार कधी? चित्रपट परक्या भाषेतला. त्यातल्या प्राण्यांच्या तोंडी आपली भाषा घालायची, तीही एकेकट्याने. बाई सकाळी येऊन घुबडिणीचं बोलून जायच्या. कासवकाका दुपारी यायचे, कानांना हेडफोन लावायचे आणि त्या आवाजाला उत्तरं द्यायचे. घरी उत्तर द्यावं असं कुणी नव्हतं. दूधवाला होता, पण तोही पिशवी दाराला अडकवून पसार व्हायचा.

आवाजाखेरीज बाईंची एकच गोष्ट काकांना ठाऊक होती, ती म्हणजे उंची. माइक रोज काकांच्या छातीशी आलेला असायचा. तो वर सरकवताना काका पुटपुटायचे, "झालं वाटतं तुमचं?"

या खेपेला मात्र त्यांनी मनाचा हिय्या केला होता. बाईंना चहाला विचारायचंच. इस्त्रीचा शर्ट चढवून स्वारी सकाळीच हजर.

खोलीत कुणी नव्हतं. माइक थेट काकांच्या तोंडासमोर होता.

"बाई आल्या नाहीत?"

"त्यांनी काम सोडलं, काका," काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट म्हणाला. "घशाचं ऑपरेशन झालं, आवाज गेला. लेकीकडे राहायला गेल्यात. नव्या बाईंनी कालच उरकलं. जुन्या बाईंचा नंबर देऊ?"

आवाज गेलेल्या बाईंना फोन करून ऐकायचं काय? आणि सांगायचं तरी काय, कासव बोलतोय म्हणून?

"नको. लावा तुम्ही."

नवी घुबडीण खणखणीत होती, अगदी तरणीताठी. पडद्यावर कासवाने मान बाहेर काढली.

"घरी चल गं, उशीर झाला," काका म्हणाले.

"काका, बायको आहे ती. जरा प्रेमाने."

"कासवाचं प्रेम आहे. पोहोचायला वेळ लागतो."

रेकॉर्डिस्ट हसला. काका हसले नाहीत. "मागच्या चित्रपटातला बाईंचा आवाज असेल ना? कुठलंही वाक्य चालेल."

त्याने शोधून लावलं. कानात ती जुनी, किंचित घोगरी घुबडीण म्हणाली, "तुम्ही व्हा पुढे, मी आलेच."

"घरी चल गं," काका म्हणाले, "उशीर झाला."

या वेळी रेकॉर्डिस्टने काही सुचवलं नाही. फक्त अंगठा वर केला.

निघताना काकांनी माइक खाली ओढला, छातीपर्यंत.

"अहो काका, नव्या बाई उंच आहेत."

"असू देत," काका म्हणाले. "वाकतील."