रिताचे बोल

भोजराजने मागच्या दारातून अंगणात डोकावून पाहिलं. बायको कपडे वाळत घालत होती. त्याने घाईघाईने वांग्याच्या भाजीत मूठभर मीठ टाकलं आणि झाकण लावलं. आता तरी रिता भांडेल.

एकोडी गावच्या या लेखकाच्या चार-चार मिनिटांच्या विनोदी फिल्मा जिल्हाभर लोक मोबाइलवर पाहत आणि पोट धरून हसत. त्यातली तोंडाळ बायको सगळ्यांची लाडकी. काय डोकं आहे, असं जो तो म्हणे. डोकं कसलं! शब्दन् शब्द रिताचा होता. डिंपल नावाची नटी ते शब्द पडद्यावर फक्त बोलून दाखवी. पण दिवाळीनंतर गावात मंडईची जत्रा भरली, तेव्हापासून रिताने बोलणंच टाकलं होतं. हो-नाहीला मान, बाकी भांड्यांचा आवाज. भोजराजला एक ओळ सुचत नव्हती.

कॅमेरावाल्या धर्मेंद्रचा फोन आला.

"भाऊ, उद्या शूटिंग आहे. वहिनी काही बोलल्या काय?"

"लिहून राहिलो," भोजराज म्हणाला.

दोघं जेवायला बसली. पहिल्या घासाला रिता थांबली, पाणी प्याली आणि मुकाट्याने खात राहिली. मग त्यालाही खावं लागलं. तिची बोलणी खायला तो तरसला होता. ती फिल्मसाठी हवीत की स्वतःसाठी, हे त्याचं त्यालाच कळेना.

"रिता, भांड तरी माह्यासंगं."

रिताने हातातला घास ताटात ठेवला.

"माय गेली तेव्हा रडता रडता मी काय म्हणली होती?"

त्याने मान खाली घातली.

"आता माहेरी कुत्रंबी ओळखनार नाही मले, म्हणली होती. तुमच्या फिल्ममंधी डिंपल बकरी मेल्यावर तेच म्हणते. मंडईत पडद्यावर दाखवली. सारे हासले."

भोजराजला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"चुकलो. आता नाही लिहीत. सोडून देतो."

"अन् कराल काय? नुसतं मले आयकाशिवाय दुसरं येते काय तुमाले?"

ओळ फक्कड होती. त्याचा हात आपसूक खिशातल्या मोबाइलकडे गेला. रिताने तो पाहिला. ती रागावली नाही. ताटं गोळा करत म्हणाली,

"घ्या, लिहा."

आणि तिने एक अख्खं भांडण सांगितलं, वाण्याला सामान सांगावं तसं. भांडण भारी होतं. दोघांपैकी कोणी हसलं नाही. भोजराजचं बोट शेवटी थांबलं.

"मंग नवरा काय म्हणते?"

"नवरा? तो काहीच म्हणत नाही. लिहून राहते."

भोजराजने तेही लिहिलं.