लंकाबाईची हरकत

लंकाबाईने अंगठा शाईच्या पॅडवर दाबला आणि तसाच हवेत धरला.

"काय लिवलंय ते वाचा आदी."

"हरकत आहे, असंच लिहिलंय, मावशी. दरसालसारखं," हवालदार म्हणाला.

"खोडा त्ये. हरकत न्हाई म्हनून लिवा."

हवालदार बघतच राहिला. सहा वर्षं तो जामखेडहून या एका जबाबासाठी येत होता. समोरच्या घरातल्या आसारामने सामाईक बोअरच्या पाळीवरून या बाईच्या एकुलत्या एक मुलाच्या, ज्ञानेश्वरच्या डोक्यात लोखंडी पाना घातला होता. आसारामला जन्मठेप झाली. त्याने पॅरोल मागितला की लंकाबाई हरकत घेई, आणि तेवढ्यावर तिचं वर्ष निघे.

"मोठं काळीज तुमचं," हवालदार म्हणाला.

काळीज कसलं! समोर आसारामची आई भागूबाई यंदा माणसं विसरली होती; दिवसभर ओट्यावर बसून येईल त्याला 'तू कुनाचा रं?' विचारायची. सख्ख्या बहिणीलाही ती ओळखेना. तिकडे तुरुंगात मात्र तो, आई वाट बघतेय म्हणून सुखाने भाकरी खात असणार. येऊ दे, बघू दे म्हणावं एकदा. कोर्टाला सुचली नाही ती शिक्षा लंकाबाईला सुचली होती.

आसाराम आला. पार वाळून गेलेला. लंकाबाई दाराआडून बघत राहिली.

"तू कुनाचा रं?" भागूबाईने विचारलं.

तो नाव सांगे, ती हसून मान हलवी आणि घडीभराने पुन्हा तेच विचारी. असं तीन दिवस चाललं. पोटातली आग आता तरी विझेल असं लंकाबाईला वाटलं होतं. कसली विझतेय!

चौथ्या दिवशी सकाळी तो तिच्याच पायरीशी येऊन उभा राहिला.

"काकू, आई मला वळखीना. तुमी तरी वळखलं का?"

तिने हातातलं सूप खाली ठेवलं. इतकी वर्षं साठवलेले शिव्याशाप ओठाशी होते, पण बाहेर पडलं ते एवढंच.

"न वळखायला काय झालं? भागूचा आसाराम तू. माझ्या ज्ञानूला मारलंस."

"व्हय काकू. म्याच त्यो."

त्याने मोठा श्वास सोडला आणि पायरीवर टेकला. बऱ्याच दिवसांनी पोटभर जेवल्यासारखा त्याचा चेहरा निवला होता. लंकाबाई आत जायला वळली.

"आनखी एकदा म्हना, काकू," तो म्हणाला.